पुन्हा न घडवलेली मेनोरा

जेरुसलेमच्या ज्यू मंदिरातली सोन्याची मेनोरा, म्हणजे सात फांद्यांचा दिवा, कशी दिसत असे, याचं सर्वांत तपशीलवार शिल्प ती लुटून नेणाऱ्यांनीच कोरून ठेवलं आहे. रोममध्ये फोरमकडून कलोसियमकडे जाणाऱ्या जुन्या दगडी रस्त्यावर तीतसची कमान आहे. इसवी सन ७० मध्ये रोमन सेनापती तीतसने (पुढे तो सम्राट झाला) जेरुसलेम घेतलं आणि तिथलं मंदिर जळून खाक झालं. पुढच्या वर्षी रोममध्ये विजयाची मिरवणूक निघाली. तीतस वारल्यावर, ८१ च्या सुमारास, त्याचा भाऊ डोमिशियन याने ही कमान उभारली. कमानीखाली उभं राहून आतल्या भिंतीकडे पाहिलं की ती मिरवणूक अजून चाललेली दिसते. डोक्यांवर पानांचे मुकुट घातलेले लोक खांद्यावर दांडे घेऊन निघालेत. कुणाकडे मंदिरातल्या भाकरींचं मेज आहे, कुणाकडे चांदीचे कर्णे आहेत, आणि या सगळ्यांच्या वर, त्यांच्या डोक्यांहून उंच, सात फांद्यांची मेनोरा. दगडाचा रंग आज फिका राखाडी आहे. पण २०१२ मध्ये अभ्यासकांनी या शिल्पाची तपासणी केली तेव्हा मेनोरेवर पिवळ्या गेरूचे अंश सापडले. म्हणजे रोमन लोकांना ती सोन्यासारखी झळकणारी दिसायची.

मी तिथे बराच वेळ मान वर करून उभी होते. आजूबाजूला फोटो काढणाऱ्यांची गर्दी होती. मला राहून राहून एकच वाटत होतं, की जिंकणाऱ्याने पराभवाचा दाखला म्हणून कोरलेली ही आकृती हरलेल्यांनी स्वतःची खूण म्हणून कशी काय स्वीकारली? आज इस्रायलच्या राजमुद्रेवर जी मेनोरा आहे, ती याच कमानीवरून घेतलेली आहे. रोममध्ये राहणारे ज्यू पिढ्यान्‌पिढ्या या कमानीखालून जात नसत, असं परंपरा सांगते. १९४७ च्या डिसेंबरात, संयुक्त राष्ट्रांत पॅलेस्टाइनच्या फाळणीचा ठराव झाल्यावर, तेच लोक या कमानीपाशी जमले.

या कमानीपर्यंत यायच्या आधीची गोष्ट मात्र फार वेगळ्या जागी सुरू होते. बायबलच्या ‘निर्गम’ या पुस्तकात, इजिप्तमधून सुटलेले लोक वाळवंटात तंबूत राहत असताना, देव मोशेला एक दिवा घडवायला सांगतो. शुद्ध सोन्याचा, एकाच गोळ्यातून ठोकून काढलेला, कुठेही जोड नसलेला. वजन एक किक्कार, म्हणजे आजच्या हिशेबाने साधारण तीसेक किलो. मधला एक दांडा, त्याला दोन्ही बाजूंनी तीन-तीन फांद्या, आणि प्रत्येक फांदीवर बदामाच्या फुलांसारख्या वाट्या, बोंडं, पाकळ्या. बदामाचं झाड त्या प्रदेशात हिवाळा पुरता सरायच्या आतच फुलतं. सोन्याच्या दिव्यावर पानं-फुलं हवीत आणि ती बदामाचीच हवीत, हा आग्रह मला फार आवडतो. वाळवंटातून चाललेल्या माणसांच्या तंबूत एक बहरलेलं झाड ठेवायला सांगितलं आहे, असंच ते वर्णन वाचताना वाटतं. तालमुदात, म्हणजे रब्बींच्या (ज्यू धर्मगुरूंच्या) चर्चांच्या मोठ्या ग्रंथात, म्हटलंय की मोशेला ही रचना काही केल्या उमगेना, म्हणून देवाने त्याला आगीची मेनोरा दाखवली. शेवटी ती घडवली बेझालेल या कारागिराने.

पुढे शलमोनाच्या मंदिरात अशा दहा होत्या. बाबिलोनच्या सैन्याने ते मंदिर उद्ध्वस्त केलं. दुसरं मंदिर उभं राहिलं तेव्हा पुन्हा एकच मेनोरा आली, आणि तिच्याभोवतीची रोजची कामं मिश्ना या रब्बींच्या जुन्या नियमग्रंथात इतक्या बारकाईने लिहून ठेवलीत की वाचताना एखाद्या मोठ्या वाड्यातलं देवघर डोळ्यांपुढे येतं. मेनोरा जवळपास माणसाच्या उंचीची. तिच्यासमोर तीन पायऱ्यांचा दगड, त्यावर उभा राहून पुरोहित वाती सारखी करायचा. सकाळी जुनी काजळी काढायची, वाट्या पुसायच्या, नवं तेल, नव्या वाती. तेल ऑलिव्हचंच, आणि तेही पहिलं. ऑलिव्ह कुटून टोपलीत ठेवले की दाबण्याआधी जे आपसूक झिरपतं ते मेनोरेसाठी. नंतर तुळईने दाबून काढलेलं धान्याच्या अर्पणासाठी. घरात माणूस उलटं करतो, चांगलं तेल पोटात आणि उरलेलं दिव्यात. इथे चांगलं दिव्यात जायचं.

आणि हा दिवा बहुतेक लोकांना कधी दिसतच नसे. ती आतल्या दालनात असायची आणि आत फक्त पुरोहित जायचे. सणासुदीला मंदिरातल्या वस्तू यात्रेकरूंना दाखवायला बाहेर आणत. मिश्नाला पूरक अशा तोसेफ्ता या ग्रंथात एक छोटी आठवण आहे. सणाच्या दिवशी एकदा मेनोरेला शुद्धीसाठी पाण्यात बुडवलं, तेव्हा सदूकी पंथाचे लोक आपल्या विरोधी परूशी पंथाला हसले, ‘या, बघा, हे परूशी चंद्राच्या उजेडाला अंघोळ घालताहेत.’ गर्दीत कुणाकुणाचे हात लागले असणार, म्हणून ते स्नान. मला त्या टोमण्यापेक्षा ते हात आठवत राहतात. गालीलमधून किंवा हेब्रोनकडून पायी आलेली माणसं, आयुष्यात एकदा तो दिवा जवळून बघणारी. त्यांतलंच कुणी घरी परतल्यावर ती आठवण दगडावर कोरून ठेवली असेल का? गालीलच्या सरोवराकाठच्या मग्दाला गावी २००९ मध्ये एका जुन्या सिनेगॉगच्या, म्हणजे ज्यू प्रार्थनास्थळाच्या, अवशेषांत एक कोरीव दगड सापडला आणि त्यावर मेनोरा आहे. मंदिर अजून उभं होतं तेव्हाची. कोरणाऱ्याने ती पाहिली होती की पाहिलेल्याकडून ऐकली होती, हे दगड सांगत नाही, पण ती बघण्याची ओढ त्यात आहे.

त्याच्याही आधीचं एक नाणं आहे. मत्तथ्या अँटिगोनस हा हस्मोनी या ज्यू राजघराण्यातला शेवटचा राजा. इसवी सनापूर्वी ४० ते ३७ अशी तीन वर्षं त्याची राजवट, आणि त्याचा प्रतिस्पर्धी हेरोद रोमन सैन्य घेऊन त्याच्यावर चालून आलेला. याने तांब्या-काशाची छोटी नाणी पाडली. एका बाजूला मेनोरा, दुसऱ्या बाजूला भाकरींचं मेज. नाण्यावर राजाचा चेहरा छापायची रीत ज्यूंमध्ये नव्हती, पण मेनोरा तरी त्याआधी कुणी छापली नव्हती. बहुधा त्या वेढ्यात त्याला लोकांना आठवण करून द्यायची होती की आपण कशासाठी लढतो आहोत. ३७ मध्ये जेरुसलेम पडलं आणि रोमनांनी त्याला मारलं.

रोमला नेलेल्या मेनोरेचं पुढे काय झालं, यावर लोकांनी आयुष्यं खर्ची घातली आहेत. सम्राट व्हेस्पेशियनने बांधलेल्या शांतीच्या मंदिरात ती ठेवली, असं त्या काळचा ज्यू इतिहासकार योसेफस लिहितो. ४५५ मध्ये वँडल टोळ्यांनी रोम लुटलं आणि मंदिराची लूट आफ्रिकेत कार्थेजला नेली. ५३४ मध्ये बायझंटाइन सेनापती बेलिसारियसने ती परत जिंकून कॉन्स्टँटिनोपलला आणली. इतिहासकार प्रोकोपियस सांगतो की एका ज्यू माणसाने सावध केलं, ‘या वस्तू जिथे गेल्या तिथलं राज्य बुडालं’, आणि धास्तावलेल्या सम्राट जस्टिनियनने त्या जेरुसलेमच्या चर्चेसना पाठवून दिल्या. त्यात मेनोरा होती की नव्हती, हे प्रोकोपियस नेमकं लिहीत नाही. तिथून पुढे तिचा माग लागत नाही. कुणी म्हणतं टायबर नदीत आहे, कुणी म्हणतं व्हॅटिकनच्या तळघरात. मला या शोधात फारसा रस नाही. ज्या लोकांची ती होती त्यांनी तिच्याशिवाय राहायची जी रीत शोधली, ती मला कितीतरी मोठी वाटते.

ती रीत एका मनाईपासून सुरू होते. तालमुदात तीन ठिकाणी हा नियम आला आहे: मंदिराच्या नमुन्याबरहुकूम कुणी मेनोरा करू नये. पाच फांद्यांची करावी, सहांची करावी, आठांची करावी, पण सातांची करू नये. सोन्याऐवजी दुसरा धातू वापरला तरी नाही. त्याला कारणही दिलं आहे. मक्काबींनी, म्हणजे परक्या राजवटीविरुद्ध उठलेल्या ज्यू लढवय्यांनी, मंदिर परत मिळवलं तेव्हा त्यांच्यापाशी सोनं नव्हतं, तर त्यांनी लोखंडी सळया कथलाने मढवून मेनोरा उभी केली. ऐपत आली तशी चांदीची केली, मग सोन्याची. म्हणजे लोखंडी सळयांची मेनोराही खरी मेनोराच होती, मग तुम्ही पितळेची केलीत तरी ती नक्कल होईल.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा थांबले. हरवलेली सर्वांत प्रिय वस्तू, हुबेहूब वर्णन हाताशी आहे, कारागीर आहेत, आणि तरी ठरवायचं की ती परत करायची नाही. चित्रं काढायला हरकत नव्हती, आणि चित्रं त्यांनी अक्षरशः सगळीकडे काढली. रोमच्या भुयारी दफनभूमींत थडग्याथडग्यांवर मेनोरा आहे. बेत अल्फाच्या फरशीत, बेत शआरीमच्या गुहांत, सीरियात दुरा युरोपोसच्या सिनेगॉगच्या भिंतीवर. परक्या शहरात मेलेल्या माणसाच्या दगडावर नाव-गाव लिहायला जागा पुरली नाही तरी सात रेघा पुरेशा होत. पण हातात धरून पेटवायची, तेल घालायची ती वस्तू मात्र नाही. मूळची जागा रिकामी आहे हे त्यांना विसरायचं नव्हतं.

घरात जो दिवा आला तो आठांचा, शिवाय एक वेगळा, असा नऊचा. हनुका या आठ रात्रींच्या सणाचा दिवा. बहुतेकांना हीच मेनोरा माहीत असते, आणि खिडकीत दिसते तीही हीच. त्याची कथा सर्वांना ठाऊक आहे. अँतियोखस एपिफानेस या सेल्युकी राजाने मंदिर विटाळलं, तिथली मेनोरा नेली, शब्बाथ, म्हणजे शनिवारचा विसाव्याचा दिवस, पाळायला बंदी केली. मक्काबींनी उठाव केला आणि इसवी सनापूर्वी १६४ मध्ये मंदिर पुन्हा अर्पण केलं. तालमुद सांगतो की त्यांना महायाजकाची मोहोर शाबूत असलेली तेलाची एकच कुपी सापडली. एक दिवस पुरेल एवढं तेल आठ दिवस जळलं. मक्काबींच्या पुस्तकांत लढाया आहेत, तेलाची कुपी नाही. ती शतकांनंतर रब्बींनी सांगितली. तेव्हा मंदिर नव्हतं, राज्य नव्हतं, रोमविरुद्धची बंडं रक्तात बुडालेली होती. तलवारीची गोष्ट त्यांनी बाजूला ठेवली आणि तेलाची उचलली, याला मी पळपुटेपणा म्हणणार नाही. ज्यांच्यापाशी सैन्य उरलं नव्हतं त्यांना आपल्या मुलांच्या हातात काहीतरी द्यायचं होतं.

दिवे कसे लावायचे यावर हिल्लेल आणि शम्मई या दोन जुन्या गुरूंच्या शिष्यांचा वाद झाला. शम्मईवाले म्हणत, पहिल्या रात्री आठ लावा आणि रोज एक कमी करा. हिल्लेलवाले म्हणत, पहिल्या रात्री एक आणि रोज एक वाढवा, कारण पवित्र गोष्टीत चढत जावं, उतरू नये. शम्मईंचं म्हणणंही मला पटण्यासारखं वाटतं. तेल रोज कमीच होत जातं, चमत्कार मोठा असतो तो सुरुवातीला. पण रूढ झाली ती हिल्लेलची रीत, आणि आठवणीचा दिवा खरोखर वाढता हवा असं मलाही वाटतं. आठ रात्रींचे मिळून छत्तीस दिवे, आणि रोजचा एक शम्माश धरला तर चव्वेचाळीस.

शम्माश म्हणजे सेवेकरी. बाकीचे दिवे त्याने पेटवायचे आणि तो जरा वेगळ्या उंचीवर ठेवायचा. कारण हनुकाच्या दिव्यांचा उजेड वापरायला बंदी आहे. त्या उजेडात वाचायचं नाही, शिवायचं नाही, पैसेसुद्धा मोजायचे नाहीत, असं तालमुदात स्पष्ट आहे. चुकून उजेड कामाला आलाच तर तो शम्माशचा मानावा. दिवे लावल्यावर म्हणायच्या प्रार्थनेतही हेच आहे: हे दिवे पवित्र आहेत, ते वापरायचा आम्हाला अधिकार नाही, फक्त पाहायचा आहे. दिवे जळत असेपर्यंत बायकांनी काम करू नये अशीही रूढी आहे. ज्या घरात दिवसभर काम संपत नाही तिथल्या बाईला आठ रात्री अर्धा तास हातावर हात ठेवून दिव्याकडे बघत बसायचा हक्क आहे, ही गोष्ट मला कुठल्याही चमत्काराइतकीच मोलाची वाटते. आपल्याकडे समईच्या उजेडात पोथी वाचतात. तिथे पोथीही नाही, नुसतं बघणं.

आणि तो दिवा कुणी तरी बघावा असाही नियम आहे. तो घराच्या दाराबाहेर ठेवायचा, रस्त्याच्या बाजूला. वरच्या मजल्यावर राहणाऱ्याने खिडकीत. सूर्य मावळल्यापासून बाजारातली पावलं थांबेपर्यंत तो जळायला हवा. बाजारात शेवटी कोण उरायचं, तेही लिहिलंय: तारमोदचे लोक, काटक्या विकणारे, जे अंधार पडल्यावरही गिऱ्हाइकाची वाट बघत थांबायचे. म्हणजे शेवटचा सरपणवाला घरी जाईपर्यंत तुमचा दिवा त्याला दिसला पाहिजे. त्याच चर्चेत पुढे एक वाक्य येतं: संकटाचे दिवस असतील तर दिवा आत मेजावर ठेवावा, तेवढं पुरे आहे. दोन हजार वर्षांत या एका वाक्याचा किती उपयोग करावा लागला असेल!

नऊ दिव्यांचं माप सगळीकडे तेच, पण घाट जिथला तिथला. फ्रँकफर्टच्या सोनारांनी चांदीचे केले, पोलंडमध्ये पितळेचे ओतले, मोरोक्कोत मागच्या पत्र्यावर तिथल्या इमारतींच्या कमानी आणि पक्षी आले, येमेनमध्ये दगडात खळगे कोरून तेल घातलं. हे सगळे दिवे एका संग्रहालयात शेजारी मांडले तर वाटेल की प्रत्येक देशाने आपापलं घर कोरून त्यात ज्योत ठेवली आहे. सातांची हुबेहूब मेनोरा करायची परवानगी असती तर बहुधा सगळीकडे एकच साचा फिरला असता.

आमच्या कोकणातही हा दिवा आला, जरा उशिराने. बेने इस्रायल हे आपले मराठी ज्यू. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर त्यांच्या पूर्वजांचं गलबत फुटलं अशी त्यांची परंपरा आहे. पेणकर, रोहेकर, दिवेकर, केहिमकर, झिराडकर अशी गावांवरून आलेली आडनावं. शतकानुशतकं त्यांचा धंदा तेलाच्या घाण्याचा, आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून गावात नाव पडलं ‘शनिवार तेली’. ज्या दिव्याची सगळी कथाच तेलाची आहे तो तेल्यांच्या घरात सर्वांत शेवटी यावा, हे माझ्या मनात फार वेळ घोळत राहिलं आहे. हाईम सॅम्युएल केहिमकरांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या समाजाच्या जुन्या सणांची नोंद केली. त्यात नव्याचा सण आहे, खिरीचा सण आहे, दारफाळणीचा, बिरड्याचा, होळीचा, अनाशी ढाकाचा. प्रत्येकाला घरचं मराठी नाव. हनुकाला असं नाव नाही. आपले पूर्वज ते युद्ध व्हायच्या आधीच निघाले होते, म्हणून हा सण आपल्याला ठाऊक नव्हता, असं समाजातले लोक सांगत आले. पुढे कोचीनहून आलेल्या शिक्षकांनी हिब्रू प्रार्थना आणि राहिलेले सण शिकवले, मुंबईत १७९६ मध्ये सॅम्युएल दिवेकरांनी पहिलं सिनेगॉग बांधलं, आणि हनुकाही घरात आला.

मी रायगडातलीच. अलिबागच्या इस्रायल आळीत ‘मागेन आबोथ’ हे सिनेगॉग आहे, आज दिसते ती इमारत १९१० ची. आमच्याकडचे जुने लोक त्याला मशीदच म्हणत, आणि बेने इस्रायल मंडळीही म्हणत. तिथे ओळख झालेल्या एका आजींच्या घरी मी हनुकाचा दिवा प्रथम पाहिला. पितळेचा, भिंतीला टांगायचा, मध्ये सहा कोनांची चांदणी आणि कड्यांत अडकवलेले काचेचे छोटे पेले. पेल्यात अर्धं पाणी, वर तेल, त्यात वात.

“आजी, तेल कोणतं घालता?”

“खोबऱ्याचं. आमच्या सासूबाई तेच घालायच्या. ऑलिव्हचं कुठून आणणार गो इथे? आणि घाणा कुणाचा होता? आमचाच ना!”

धर्मशास्त्राने ऑलिव्हचं तेल उत्तम म्हटलं असलं तरी बाकीची तेलंही चालतात, हे त्यांनी मला सांगितलं नाही. त्यांना ते सांगायची गरज वाटली नाही. त्यांच्या सासूने घातलं होतं एवढा आधार त्यांना पुरेसा होता. मंदिरातल्या पहिल्या झिरपणाऱ्या ऑलिव्ह तेलापासून अलिबागच्या खोबरेलापर्यंत केवढं अंतर आहे, आणि त्या दोन्हींत मला कुठेही तुटलेलं काही दिसत नाही. त्या आळीतली बहुतेक घरं आता रिकामी आहेत किंवा दुसऱ्यांची झाली आहेत. १९४८ नंतर लोक इस्रायलला गेले, लोदला, दिमोनाला, अश्दोदला. तिथे सुरुवातीला त्यांच्या ज्यूपणावरच शंका घेतली गेली. रब्बी त्यांची लग्नं लावायला अडवणूक करत. १९६४ मध्ये क्नेसेतने, म्हणजे इस्रायलच्या संसदेने, हस्तक्षेप करेपर्यंत हा अपमान चालला. ज्या समाजाने कुणी न सांगता शेकडो वर्षं शनिवारी घाणा थांबवला, त्याला हे ऐकावं लागलं, याचा राग मला आजही येतो.

इस्रायलच्या राजमुद्रेविषयी माझ्या मनात दोन विचार आहेत. १० फेब्रुवारी १९४९ रोजी ती स्वीकारली गेली, गॅब्रिएल आणि मॅक्सिम शमीर या भावांनी काढलेली. मध्ये मेनोरा, दोन बाजूंना ऑलिव्हच्या फांद्या. फांद्या जखऱ्या संदेष्ट्याच्या दर्शनातून आल्या. त्याच दर्शनात ‘बळाने नव्हे, सत्तेने नव्हे, तर माझ्या आत्म्याने’ हे वचन आहे आणि हनुकाच्या शब्बाथला तेच वाचतात. मेनोरा आली तीतसच्या कमानीवरून. तिच्या बैठकीवर समुद्री प्राण्यांच्या आकृती आहेत, जुन्या ज्यू चित्रांतली बैठक बहुधा तीन पायांची असते, म्हणून तेव्हाचे प्रमुख रब्बी आयझॅक हर्झोग यांनी हरकत घेतली. फांद्या वाकड्या होत्या की सरळ, यावरही मतभेद आहेत. मध्ययुगातला ज्यू पंडित मायमोनिदेस याच्या हस्तलिखितातल्या आकृतीत त्या सरळ रेघांनी काढल्यात. लुटीच्या मिरवणुकीतून मेनोरा उचलून आणायची, हा शमीर बंधूंचा निर्णय मला समजतो आणि भिडतोही. पण राजमुद्रा सरकारची असते, ती पासपोर्टवर असते तशीच रणगाड्याच्या कागदांवरही असते. जखऱ्याचं वचन त्या सरकारलाही लागू आहे, आणि ते विचारायचा हक्क त्या देशातल्या आणि त्याच्या शेजारच्या सगळ्यांना आहे, असं मी मानते.

जेरुसलेमच्या जुन्या शहरात पश्चिम भिंतीकडे उतरणाऱ्या पायऱ्यांवर काचेच्या पेटीत एक सोन्याने मढवलेली, सात फांद्यांची, पूर्ण आकाराची मेनोरा ठेवलेली आहे. तिसरं मंदिर उभं राहील तेव्हासाठी ती तयार करून ठेवली आहे. घडवणाऱ्यांची श्रद्धा खरी असेल, कारागिरी तर देखणीच आहे. मला मात्र तिच्यापाशी काही वाटलं नाही. तालमुदाने जी जागा जपून रिकामी ठेवली होती ती भरून टाकल्यासारखं वाटलं.

माझं मन जातं ते संकटाच्या दिवसांतल्या दिव्यांकडे. चेक भूमीतल्या टेरेझिनमध्ये, जिथे नाझींनी ज्यूंना कोंडलं होतं, १९४२ मध्ये अर्नोल्ड झाडिकोव या शिल्पकाराने मुलांच्या बराकीसाठी चोरून मिळवलेल्या लाकडातून हनुकाचा दिवा कोरला. पुढच्या वर्षी तो तिथेच वारला. दिवा लपवून ठेवला गेला, युद्धानंतर सापडला, आणि आता न्यूयॉर्कच्या ज्यू संग्रहालयात आहे. मुंबईत २००८ च्या नोव्हेंबरात कुलाब्याच्या नरिमन हाउसमध्ये रब्बी गॅव्हरिएल होल्ट्झबर्ग, त्यांच्या पत्नी रिव्का आणि त्यांचे पाहुणे मारले गेले. त्याच डिसेंबरात गेटवे ऑफ इंडियापाशी उघड्यावर मोठी मेनोरा पेटवली. दिवा आत मेजावर ठेवायची मुभा तालमुदाने अशाच दिवसांसाठी दिली होती. मुंबईत ती त्यांनी घेतली नाही, आणि आपल्या शहराने ती घ्यायला भाग पाडलं नाही, याचं मला समाधान आहे.

जर्मनीतल्या कील शहरात १९३१ च्या हनुकात रब्बी अकिवा पोझ्नर यांच्या पत्नी राखेल यांनी खिडकीतल्या दिव्याचा एक फोटो काढला. दिव्याच्या पलीकडे, रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला, नाझी पक्षाच्या कचेरीवरचा झेंडा दिसतो. फोटोमागे त्यांनी जर्मनमध्ये दोन ओळी लिहिल्या, त्यांचा आशय असा: झेंडा म्हणतो यहुदा मरो, दिवा म्हणतो यहुदा चिरंजीव आहे. १९३३ मध्ये कुटुंब कील सोडून निघालं आणि पॅलेस्टाइनला पोचलं. तो पितळी दिवाही सोबत गेला. आज तो जेरुसलेमच्या याद वाशेम या नाझी नरसंहाराच्या स्मारकात असतो, पण वर्षभर नाही. हनुका आला की पोझ्नरांची नातवंडं-पतवंडं तो घरी नेतात, आठ रात्री पेटवतात, आणि परत आणून देतात. २०२२ च्या डिसेंबरात ती मंडळी तो जर्मनीला घेऊन गेली आणि बर्लिनला राष्ट्राध्यक्षांच्या निवासात तो पेटवला. संग्रहालयांनी सगळ्याच कुटुंबांशी असा करार करावा. अलिबागच्या आजींचा दिवा उद्या कुठल्या काचेच्या कपाटात गेला, तर आठ रात्री तो परत कुणाच्या तरी घरी जावा, खोबरेलासकट, आणि पेले धुवायचं काम घरातल्या लहान मुलांकडे असावं.